आहेस का नुसता दिसून राहिला?

डुलीचंद पटले यांनी माझ्याशी बोललेलं पहिलं वाक्य असं होतं, "आहात का नुसते दिसून राहिले?"

मी त्यांच्या ओसरीच्या पायरीशी उभा होतो. काखेत वळकटी, हातात कंदील, आणि आमगावच्या स्टेशनापासून बैलगाडीत बसून सगळं अंग आंबलेलं. गावच्या शाळेत मास्तर म्हणून माझी नेमणूक झाली होती. पटल्यांकडे एक खोली रिकामी आहे, असं गाडीवाल्यानं सांगितलं होतं. मालकांचं बाकी काही सांगितलं नव्हतं. मी वर्ध्याकडचा माणूस. असा प्रश्न मला जन्मात कोणी विचारला नव्हता. थोडा वेळ मी स्वतःशीच विचार केला आणि म्हणालो, "आहे."

"बोललात म्हणजे आहात," असं म्हणून त्यांनी तळहातावर मळलेला तंबाखू पुढे केला. मी खात नाही म्हणालो. त्यावर खायचा नसला तरी चिमूट उचला, मग फेका, पण उचला, अशी आज्ञा झाली. मी चिमूट उचलली. ओठ चुन्यानं पांढरे झालेले ते उंचेपुरे म्हातारे एकदम खूश झाले आणि भाड्याचं काही न विचारता त्यांनी मला खोली दिली.

या तपासणीचं कारण मला दोन-तीन दिवसांत कळलं. डुलीकाकांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. माणसाचा आकार तेवढा कळे, चेहरा कळत नसे. एवढ्यानं भागलं असतं तर तो गावोगावचा म्हाताऱ्यांचा आजार झाला असता. काकांचं मात्र असं होतं, की जे समोर होतं ते त्यांना नीट दिसत नव्हतं आणि जे नव्हतं ते स्वच्छ दिसत होतं. त्यांच्या अंगणात माणसं येत. जरीच्या अंगरख्यातली, पिवळ्या फेट्यातली, डोक्यावर टोपल्या घेतलेल्या बायका, एखादा घोडेस्वार. कधी ती नेहमीएवढी असत, कधी कमरेएवढी. फेट्यावरचा पीळ न् पीळ काका मला मोजून दाखवत आणि त्याच वेळी माझ्या पाण्याच्या तांब्याला पाय मारून तो लवंडत.

ही माणसं खरी नाहीत, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. भुतं आहेत असंही ते मानत नसत. भूत असतं तर त्यानं काही मागितलं असतं, कोंबडं म्हणा, नारळ म्हणा, असं त्यांचं म्हणणं. "हे काहीच मागत नाहीत, गुरुजी. येतात, उभे राहतात, निघून जातात. कायले येतात, त्यायचं त्यायले माहीत." ती बोलत नसत आणि तंबाखू घेत नसत. म्हणून जो बोलेल किंवा चिमूट उचलेल तो खरा, बाकीचे सगळे नुसते दिसणारे, असा कायदा काकांनी केला होता. कायदा सर्वांना सारखा. वैद्य, कोतवाल, बांगड्यावाली, सगळ्यांनी चिमूट उचललेली मी पाहिली आहे. शेळ्या तर तंबाखू चाटूनपुसून खात, त्यामुळे शेळ्यांच्या खरेपणाविषयी त्यांना कधीच शंका आली नाही.

एकदा नायब तहसीलदार आले. गावाबाहेरच्या बोडीची, म्हणजे लहान तळ्याची, पाळ फुटली होती. ती पाहायला ते आले आणि उन्हाचे पटल्यांच्या ओसरीशी थांबले. समोरच्यानं आधी उठून नमस्कार करावा, मगच आपण तोंड उघडावं, अशी त्यांची सवय. काकांनी एकदा त्यांच्याकडे मान वळवली आणि तंबाखू मळत राहिले. मग खोलीत बसलेल्या मला मोठ्यानं म्हणाले, "गुरुजी, आज टोपीवाला आला. लय दिवसांनी टोपीवाला आला. पोट पाहा केवढं दिलं त्याले." मी धावत बाहेर येईपर्यंत साहेब लालबुंद झाले होते. आपण कोण आहोत हे त्यांनी हिंदीत गरजून सांगितलं. काका शांतपणे म्हणाले, "हो का? मग आहात तुम्ही," आणि हात पुढे केला. साहेबांनी चिमूट उचलली. पुढे जेव्हा जेव्हा ते दौऱ्यावर आले, तेव्हा फाटकापासूनच "हम हैं, हम हैं" असं ओरडत आले.

गावाला हे सगळं सवयीचं होतं. काही जण हसत, काही जण हात जोडत. एक दिवस सोनाबाई नावाची बाई आली. तिचा नवरा दरेकशाच्या जंगलात लाकूड तोडायला गेला होता, तो तापानं तिकडेच वारला, तिला त्याचं शेवटचं तोंडही पाहायला मिळालं नव्हतं. तुमच्या अंगणात इतके लोक येतात, त्यात कधी तो दिसला का, एवढंच तिला विचारायचं होतं. काकांनी खोटं सांगितलं असतं तर ती बिचारी सुखानं गेली असती. पण ते म्हणाले, "नाही बाई. ओळखीचा कोणीच येत नाही. एक बी नाही." ती गेल्यावर त्या दिवशी त्यांनी कोणाचे फेटे मोजले नाहीत.

आता धाकट्या भावाबद्दल सांगायला हवं. खेमलाल पटले त्याच अंगणाच्या दुसऱ्या बाजूला राहत. काकांची बायको फार पूर्वी गेलेली, दोन्ही मुली लांब दिलेल्या, त्यामुळे त्यांचं जेवण खेमलालच्या घरूनच येई. खेमलालची बायको, आम्ही तिला काकू म्हणत असू, दोन्ही वेळा ताट आणून ठेवी. अंगण एक, विहीर एक, चूल एक, आणि दोघा भावांत अबोला. हा अबोला इंग्रजांच्या वेळचा. इंग्रज गेले, मालगुजारी गेली, अबोला राहिला.

त्याचं कारण मला काकूंनी सांगितलं. सांगतानाही त्यांना हसू आवरत नव्हतं. दिवाळीनंतर तिकडे गावोगाव मंडई भरते आणि मंडईत भरदिवसा दंडार होते, म्हणजे गावातल्याच लोकांनी सोंगं घेऊन केलेला नाच आणि नाटक. राजा नेहमी डुलीकाका, कारण उंची आणि आवाज त्यांचा. प्रधान नेहमी खेमलाल. राजाची मिशी शेळीच्या केसांची, डिंकानं चिकटवलेली. त्या वर्षी ऊन कडक होतं. राजेसाहेब कोणाला तरी सुळावर द्यायचा हुकूम फर्मावत असताना मिशी सुटली आणि खाली पडली. प्रधानानं पुढे होऊन प्रसंग सावरायचा, तर या पठ्ठ्यानं ती उचलली, तिच्यावरची धूळ फुंकली आणि दोन्ही हातांवर ठेवून पुढे केली, "महाराज, तुमची मिशी." पाच गावांची मंडई पोट धरधरून हसली. महाराज तसेच मुकुटासकट धानाच्या बांध्या तुडवत घरी आले. त्यानंतर भावाशी शब्द नाही.

शेती मात्र एकत्र. मग काम कसं चालायचं, तर बैलामार्फत. काका अंगणात येऊन मोठ्यानं म्हणत, "या बैलाले सांगा कोणी, का उद्या वरच्या बांधीत पाणी सोडायचं आहे." पलीकडून खेमलाल दुसऱ्या बैलाला सांगत, की वरच्या बांधीत पाणी कालच सोडलं, लोकांना माहीत नसेल तर बैलानं काय करावं. बैलांची जोडी समजूतदार होती. दोन्ही बाजूंचं ऐकून घेई आणि कडबा खात राही.

शाळा सकाळची असल्यामुळे दुपारी मी खोलीत असे. खिडकीतून ओसरी दिसे. एकटा माणूस, बोलायला कोणी नाही, वर्तमानपत्र आठवड्यानं येणार. खिडकीतून बघण्यापलीकडे मला दुसरा उद्योग नव्हता. तिथून माझ्या लक्षात आलं, की रोज जेवणं झाली की खेमलाल अंगण ओलांडून येतात, काकांच्या समोरच्या खाटेवर बसतात आणि एक शब्द बोलत नाहीत. चुन्याची डबीसुद्धा आवाज न करता उघडतात. आणि काका त्यांच्याशी बोलत असत. तासन्‌तास. "तू तर नाहीसच," अशी सुरुवात करून ते सगळं सांगत. गुडघा रात्री ठणकतो ते, आईच्या हातच्या घुगऱ्या आठवतात ते, मोठी मुलगी निरोप पाठवत नाही ते. खेमलाल खाली मान घालून ऐकत. ऊन कललं, की तसेच उठून जात.

मला सुरुवातीला गंमत वाटली. मग वाईट वाटलं. म्हातारा सख्ख्या भावाला अंगणातल्या फेटेवाल्यांपैकी एक समजतो आहे आणि भाऊ मजेत बसून त्याची गुपितं ऐकतो आहे, असा माझा समज झाला. यावर उपाय एकच, डोळे. मी काकांच्या मागे लागलो आणि थंडीच्या दिवसांत त्यांना आमगावहून गाडीनं गोंदियाला, डोळ्यांच्या डॉक्टरकडे घेऊन गेलो.

डॉक्टरला काकांनी आधी चिमूट उचलायला लावली. मग डॉक्टरनं भिंतीवरच्या अक्षरांकडे बोट दाखवून काय दिसतं विचारलं. काकांनी सांगितलं, एक बाई लुगडं वाळत घालते आहे, काठ हिरवा. मला वाटलं आता डॉक्टर आम्हाला हाकलून देणार. पण तो खुर्ची ओढून जवळ बसला आणि बारीकसारीक विचारू लागला. माणसं बोलतात का, ओळखीची असतात का, भीती वाटते का. नंतर मला म्हणाला, "मास्टरजी, इनका दिमाग बिलकुल ठीक है. आँख से कुछ आता नहीं, तो दिमाग अपने पास से बनाकर दिखाता है." डोळा म्हणजे नुसतं दार, बघणारा आत बसलेला असतो, बाहेरून येणं बंद झालं तरी त्याला स्वस्थ बसवत नाही, असं त्यानं समजावलं. मी विचारलं, मनानंच बनवायचं तर मग ओळखीची माणसं का बनवत नाही? त्यानं हात उडवले. ते आम्हालाही कळत नाही, म्हणाला, पण बहुतेकांना असे परकेच दिसतात. मोतीबिंदू काढला की दिसायला लागेल आणि ही पाहुणेमंडळी आपोआप बंद होतील.

मी आनंदात होतो. परतीच्या गाडीत काका खिडकीकडे तोंड करून बसले होते. मी विचारलं, कधी करायचं ऑपरेशन? ते म्हणाले, "पाहू."

हे पाहणं काही संपेना. आधी उन्हाळी धान होतं, मग लग्नसराई, मग ऊन सोसायचं नाही, मग रोवणी. आणि इकडे एक वेगळंच झालं. डॉक्टर डोळे देणार ही बातमी मी स्वतःच गावभर सांगितली होती. त्याच्या दुसऱ्या दिवसापासून खेमलाल दुपारचे यायचे बंद झाले. समोरची खाट रिकामी. काका तंबाखू मळत आणि तसाच टाकून देत. फेटेवाल्यांना उद्देशून काहीबाही बोलत, पण त्यात जीव नसे. शेवटी एका सकाळी ते अंगणाच्या मधोमध जाऊन उभे राहिले आणि पलीकडच्या घरात ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "या बैलाले सांगा कोणी, का माह्या डोळ्याचं काही होऊन नाही राहिलं."

त्या दुपारी खाट करकरली. खिडकीतून पाहिलं तर खेमलाल येऊन बसले होते.

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. शेळीलासुद्धा तपासल्याशिवाय न सोडणाऱ्या या माणसानं समोरच्या खाटेवर बसणाऱ्याला एकदाही विचारलं नव्हतं, की आहेस का नुसता दिसून राहिला. कधी तंबाखूही पुढे केला नव्हता. संध्याकाळी मी काकांजवळ जाऊन बसलो आणि सरळ विचारलं, समोर कोण बसतं ते तुम्हाला माहीत आहे ना?

"खाट करकरते, गुरुजी," ते म्हणाले. "दिसणाऱ्याची काऊन करकरन?"

"मग त्यांच्याशी बोलून टाका की एकदा."

"बोलतो ना. रोज बोलतो." मग आवाज खाली आणून त्यांनी मला समजावलं, जसं मी पोरांना हातचा समजावून सांगतो तसं. "तो आहे असं म्हटलं, तर अबोला मोडला. मग कोणं मोडला, हे निघन. तो म्हणन दादानं मोडला, मी म्हणन तुनं मोडला, पुन्हा मिशी निघन. नाही आहे म्हटलं, तर काय भानगड आहे? नसलेल्याशी बोलाले कोणाची मनाई आहे? आता डोळे आले, तर मले दिसन तो. दिसल्यावर मी काय करू?"

 तेव्हापुरता ऑपरेशनचा विषय मी सोडून दिला. दुपारी खिडकीशी बसायचंही बंद केलं. दोन भाऊ इतक्या कष्टानं एकमेकांना भेटत होते, ते चोरून पाहायची मला लाज वाटू लागली.

भाद्रपदात खेमलालना ताप आला. हिंवतापच होता बहुधा. काकू औषधाला धावल्या, मी गाडी जुंपून आमगावचा डॉक्टर आणला, पण चार दिवसांत सगळं आटोपलं. शेवटच्या दिवशी मी काकांना हाताला धरून पलीकडे नेलं. अबोला धरल्यापासून अंगण ओलांडून त्या घरात ते पहिल्यांदाच जात होते. खेमलालना शुद्ध नव्हती. काका पायथ्याशी बसले, भावाच्या पावलांवर हात ठेवून. बोलले नाहीत. एकाला बोलता येत नव्हतं आणि दुसऱ्याची, भाऊ समोर आहे असं धरून बोलायची सवय मोडली होती.

त्यानंतर काकांच्या अंगणात नुसती गर्दी उसळली. पूर्वी चार-दोन माणसं येत, आता वऱ्हाडंच्या वऱ्हाडं येऊ लागली. हत्ती आले. मुकुट घातलेले राजे आले, आणि एकालाही मिशी नव्हती, असं काकांनी सांगितलं तेव्हा मला हसावं की काय करावं ते कळलं नाही. सकाळी शाळेत जाताना पाहावं तर ते ओसरीच्या कडेला येऊन बसलेले, मान पुढे काढून एकेकाकडे बघताहेत. मी काकांना ओळखत होतो. ते फेटे मोजत नव्हते, कोणाला तरी शोधत होते.

मी धीर करून म्हणालो, काका, आता तरी गोंदियाला जाऊ. आता कसली अडचण आहे?

"डोळे आले का हे सारे जातील म्हणे ना?"

हो म्हणालो.

"मग तो कुठून येईल?" ते म्हणाले. "सारी मंडई येऊन राहते, गुरुजी. कोण्या गावचे, कोणाचे कोण. ज्यायले मी जन्मात पाहिलं नाही ते येऊन उभे राहतात. आणि हा घरचा. अंगण ओलांडून रोज येत होता. त्याले एक दिवस दिसाले काय झालं?" सोनाबाईला दिलेलं उत्तर त्यांना आठवत असेल का, असं माझ्या मनात आलं. मी शाळेची वेळ झाली म्हणून निघून गेलो. त्या दिवशी रविवार होता.

त्यानंतर काही दिवसांनी दुपारी मी ओसरीवर आलो. काका भिंतीला टेकून बसले होते, डोळे मिटलेले. मला वाटलं झोप लागली असेल. ऊन होतं, मी दमलो होतो, जवळ होती ती खाट पाहून बसलो. ती खेमलालची खाट आहे, हे बसल्यावर ध्यानात आलं, पण तोवर ती करकरली होती.

काकांनी डोळे उघडले. माझ्याकडे तोंड वळवलं. त्यांना माझा आकार तेवढा कळत असणार. मी 'काका, मी' म्हणायला तोंड उघडलं, पण त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं होतं ते पाहून मिटलं. त्यांनी बंडीच्या खिशातून तंबाखू काढला, चुना लावला, नेहमीपेक्षा जास्त वेळ मळला. मग हात लांब करून माझ्यासमोर धरला. 

"आहेस का नुसता दिसून राहिला?"

त्या खाटेवरच्या माणसाला त्यांनी हे पहिल्यांदाच विचारलं होतं. मी बोललो असतो, तर मी मास्तर होतो. चिमूट उचलली असती, तरी मी मास्तरच होतो. मी मान खाली घातली, दोन्ही हात मांडीखाली दाबले आणि बसून राहिलो.

तो हात बराच वेळ माझ्यासमोर राहिला. मग काकांनी तो हळूच मागे घेतला, तंबाखू स्वतःच्या ओठाखाली ठेवला आणि भिंतीला पाठ टेकली.

"दिसून राहिला," ते म्हणाले. "चाललं. बस गा. मिशी मी तुह्या हातून घ्यायले पाहिजे होती."